न लिहिलेल्या ग्रंथाची तालिका-नोंद : 'नेक्रोनॉमिकॉन' प्रकरणाचा अभ्यास

जुन्या पुस्तकांच्या व्यापाऱ्यांसाठी निघणाऱ्या 'अँटिक्वेरियन बुकमन' या अमेरिकी नियतकालिकात १९६२ साली एक छोटी जाहिरात आली. पुस्तक 'नेक्रोनॉमिकॉन', कर्ता अब्दुल अल्‌हझ्रेद, छपाई स्पेनमधली, साल १६४७. वासराच्या कातड्याची बांधणी घासलेली आहे, काही पानांवर तांबूस डाग पडले आहेत, एरवी प्रत उत्तम स्थितीत आहे, असे विक्रेत्याने नमूद केले होते. आत गूढ चिन्हांची बरीच लहान लाकूडठशाची चित्रे असून ग्रंथ लॅटिनमधला, मांत्रिक विधींविषयीचा दिसतो, असे त्याचे बेतशीर मत होते. पुढच्या कोऱ्या पानावर मिस्कटॉनिक विद्यापीठाच्या ग्रंथालयाचा शिक्का असल्याचेही त्याने सांगितले होते. किंमत दिलेली नव्हती. जो सर्वांत चांगला भाव देईल त्याला प्रत मिळणार होती.

या जाहिरातीतला ग्रंथ कधी छापला गेलेला नाही, त्याचा कर्ता कधी जन्मलेला नाही आणि मिस्कटॉनिक विद्यापीठ ज्या आर्कम गावात असल्याचे मानले जाते ते गाव मॅसॅच्युसेट्सच्या नकाशावर सापडत नाही. हे सर्व हॉवर्ड फिलिप्स लव्हक्राफ्ट (१८९०–१९३७) या ऱ्होड आयलंडमधील प्रॉव्हिडन्सच्या भयकथाकाराने रचलेल्या जगातले आहे. जाहिरात थट्टेने दिलेली होती आणि जाणत्यांनी ती थट्टा म्हणूनच वाचली. तरीही ती इथे सविस्तर सांगितली, कारण या प्रकरणाचे सगळे मर्म तिच्यात आले आहे. ग्रंथातले एक अक्षरही न दाखवता, केवळ बांधणी, डाग, साल आणि शिक्का एवढ्यावर ती वाचकाच्या मनात पुस्तक उभे करते. लव्हक्राफ्टनेही आयुष्यभर हेच केले होते. जादूचा ग्रंथ त्याने लिहिलाच नाही. त्या ग्रंथाविषयी एखादा ग्रंथपाल जे लिहील तेवढेच त्याने लिहिले, आणि ते इतके व्यवस्थित लिहिले की पुढे खऱ्या ग्रंथपालांना त्याची उत्तरे देत बसावे लागले.

नावाचा प्रवास

ग्रंथाच्या आधी कर्ता आला. 'अरेबियन नाइट्स' वाचून भारावलेल्या लव्हक्राफ्टने वयाच्या पाचव्या वर्षाच्या सुमारास स्वतःला अब्दुल अल्‌हझ्रेद हे नाव घेतले होते. १९२१ मध्ये लिहिलेल्या एका कथेत हे नाव एका वेड्या अरब कवीचे म्हणून पुन्हा आले, पण तिथे कवितेच्या दोन ओळींपलीकडे त्याच्या नावावर काही नव्हते. ग्रंथाचे नाव १९२२ मध्ये लिहिलेल्या आणि 'वीअर्ड टेल्स' मासिकाच्या फेब्रुवारी १९२४ च्या अंकात छापून आलेल्या 'द हाउंड' या कथेत प्रथम उच्चारले गेले. तिथे दोन थडगेचोर एका ताईतावरची आकृती ओळखतात, ती या निषिद्ध ग्रंथात वर्णिलेली असल्यामुळे. म्हणजे पहिल्याच उल्लेखात ग्रंथाचे काम संदर्भग्रंथाचे आहे. मंत्र म्हणण्यासाठी कोणी तो उघडत नाही, खूण पटवण्यासाठी उघडतो. पुढील अनेक कथांत त्याचा उपयोग असाच झाला आहे.

१९२७ चे टिपण

पुढच्या तीन वर्षांत उल्लेख वाढत गेले. तेव्हा आपल्याच कथांमध्ये विसंगती राहू नये म्हणून लव्हक्राफ्टने १९२७ मध्ये या ग्रंथाच्या इतिहासाचे एक टिपण तयार केले. ते त्याच्या हयातीत प्रसिद्ध झाले नाही. मृत्यूनंतर १९३८ मध्ये छोट्या पुस्तिकेच्या रूपाने छापले गेले. दोन-चार पानांत संपणारा हा मजकूर माझ्या मते त्याच्या कित्येक कथांपेक्षा सरस आहे, कारण त्यात भीती दाखवण्याचा कसलाही आव नाही.

टिपणानुसार येमेनमधील सना येथील हा कवी इसवी सन ७०० च्या सुमारास उमय्या खलिफांच्या काळात होऊन गेला. त्याने बाबिलोनचे अवशेष आणि मेम्फिसची भुयारे पाहिली, अरबस्तानच्या दक्षिणेकडील वाळवंटात दहा वर्षे एकट्याने काढली आणि अखेरच्या काळात दमास्कसमध्ये 'अल अझीफ' हा ग्रंथ लिहिला. ७३८ मध्ये भर दिवसा, पुष्कळ लोकांच्या देखत, एका अदृश्य प्राण्याने त्याला खाऊन टाकले. ९५० मध्ये कॉन्स्टँटिनोपलच्या थिओडोरस फिलेटस याने गुपचूप ग्रीक भाषांतर केले आणि त्याला आज रूढ असलेले नाव दिले. १०५० मध्ये धर्मगुरू मायकेल यांनी ते जाळवले. १२२८ मध्ये ओलाउस वर्मियस याने लॅटिन भाषांतर केले. १२३२ मध्ये पोप ग्रेगरी नववे यांनी ग्रीक आणि लॅटिन दोन्हींवर बंदी घातली. मूळ अरबी प्रत वर्मियसच्या काळाआधीच नाहीशी झाली होती. लॅटिन पाठ पंधराव्या शतकात जर्मनीत जाड गॉथिक ठशांत आणि सतराव्या शतकात बहुधा स्पेनमध्ये छापला गेला, तर ग्रीक पाठ १५०० ते १५५० च्या दरम्यान इटलीत छापला गेला.

यानंतर प्रतींची यादी येते. पंधराव्या शतकातील लॅटिन प्रत ब्रिटिश म्युझियममध्ये कुलपात आहे. सतराव्या शतकातील प्रती पॅरिसच्या राष्ट्रीय ग्रंथालयात, हार्वर्डच्या वाइडनर ग्रंथालयात, ब्यूनॉस आयर्स विद्यापीठात आणि आर्कमच्या मिस्कटॉनिक विद्यापीठात आहेत. चार खऱ्या संस्थांच्या पंक्तीला एक खोटी बसवली, म्हणजे वाचणारा तिच्याविषयी वेगळी चौकशी करत नाही. शिवाय एका अमेरिकी कोट्यधीशाकडे आणखी एक प्रत असल्याची केवळ वदंता आहे, असेही लेखक सांगतो. जे पक्के ते पक्के आणि जे ऐकीव ते ऐकीव अशी वर्गवारी करणारा माणूस सगळेच रचून सांगत असेल अशी शंका सहसा येत नाही.

व्यक्तींच्या बाबतीतही हीच मिसळ आहे. पोप ग्रेगरी नववे १२२७ ते १२४१ या काळात खरोखरच पोप होते आणि १०५० मध्ये कॉन्स्टँटिनोपलच्या धर्मपीठावर मायकेल नावाचेच धर्मगुरू होते. कवीच्या मृत्यूची हकीकत ज्याच्या हवाल्याने दिली आहे तो इब्न खल्लिकान हाही खरा चरित्रकार आहे. मात्र तो तेराव्या शतकातला (१२११–१२८२) असताना टिपणात बाराव्या शतकात गेला आहे. वर्मियसची चूक याहून ठळक आहे. ओले वर्म (१५८८–१६५४) हा डॅनिश वैद्य, जुन्या लिपींचा अभ्यासक आणि चमत्कारिक वस्तूंचा संग्राहक. लव्हक्राफ्टने त्याला चारशे वर्षे मागे नेले, ते मुद्दाम नव्हे; अठराव्या शतकातील एका समीक्षकाने प्राचीन काव्याविषयी लिहिलेला मजकूर वाचताना भाषांतरकाराचा काळ आणि मूळ काव्याचा काळ यांत त्याची गल्लत झाली होती. चौकस वाचकाला संशय घेण्यासाठी एवढा दुवा पुरेसा होता. पण तेराव्या शतकातला वर्मियस कोण हे पडताळण्यासाठी विश्वकोश उघडणारे वाचक नेहमीच थोडे असतात, आणि जे उघडतात त्यांना वर्मियस नावाचा विद्वान खरोखर सापडतो, त्यामुळे विश्वास उलट वाढतो.

७५१ वे पान

या ग्रंथाचा सर्वांत विस्तृत वापर १९२८ मध्ये लिहिलेल्या आणि एप्रिल १९२९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या 'द डनविच हॉरर' या कथेत आहे, आणि ग्रंथालयाच्या दृष्टीने ती विशेष पाहण्यासारखी आहे. विल्बर व्हॅटली या खेडवळ, विचित्र तरुणाकडे ग्रंथाच्या इंग्रजी भाषांतराची एक त्रुटित प्रत आहे. तिच्यात जो उतारा ७५१ व्या पानावर यायला हवा होता तो नाही. म्हणून तो मिस्कटॉनिकला येतो, लॅटिन प्रत मागतो आणि टेबलाशी बसून दोन्ही पाठ ताडून पाहू लागतो. ग्रंथपाल हेन्री आर्मिटेज त्याच्या खांद्यावरून उघड्या पानावर नजर टाकतो आणि वाचलेल्या मजकुराने अस्वस्थ होतो. व्हॅटली प्रत घरी नेण्याची परवानगी मागतो, तेव्हा आर्मिटेज नकार देतो आणि तो दुसरीकडे प्रयत्न करील हे ओळखून वाइडनर ग्रंथालयालाही सावध करतो. पुढे व्हॅटली रात्री ग्रंथालयात शिरतो आणि राखणीच्या कुत्र्याच्या तावडीत सापडून मरतो.

महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीच्या निमित्ताने पाठभेद, त्रुटित पोथ्या आणि प्रती जुळवण्याची खटपट यांच्याशी मराठी वाचकाचा थोडाबहुत परिचय आहे. त्या परिचयातून पाहिले तर विल्बरचे वागणे पाठचिकित्सकाचेच आहे. फरक त्याच्या हेतूत आहे. जादू इथे पानाच्या क्रमांकात दडलेली आहे. 'एका भयंकर ग्रंथात एक भयंकर मंत्र होता' या वाक्याने काहीच साधले नसते. ७५१ हा आकडा आला की किमान साडेसातशे पानांचा, वजनदार, कुठेतरी फाटलेला ग्रंथ समोर येतो, आणि त्यातले एक पान कमी आहे म्हणजे बाकीची आहेत असे मन आपोआप धरून चालते.

एकाच घरचे अनेक साक्षीदार

एकट्या लेखकाच्या कथांवर ही समजूत इतकी पसरली नसती. लव्हक्राफ्टच्या पत्रव्यवहारातील मित्रमंडळींनी हा खेळ उचलला. फ्रँक बेल्नॅप लाँग याने एका कथेच्या आरंभी एलिझाबेथकालीन गणिती आणि गूढविद्येचा उपासक जॉन डी याने केलेल्या इंग्रजी भाषांतरातला म्हणून एक उतारा घातला; लव्हक्राफ्टने ते भाषांतर लगेच आपल्या इतिहासात सामावून घेतले, आणि विल्बरजवळची त्रुटित प्रत त्याचीच आहे. क्लार्क अॅश्टन स्मिथ, रॉबर्ट ई. हॉवर्ड आणि रॉबर्ट ब्लॉक यांनी स्वतःचे निषिद्ध ग्रंथ रचले आणि ते एकमेकांच्या कथांतील कपाटांत जाऊन बसले.

याहून परिणामकारक गोष्ट पडद्याआड घडत होती. लव्हक्राफ्टची उपजीविका बऱ्याच अंशी इतरांच्या कथा दुरुस्त करून देण्यावर, प्रसंगी सबंध लिहून देण्यावर चालत असे. अॅडॉल्फ दे कास्त्रो, झेलिया बिशप, हेझल हील्ड यांच्या नावाने आलेल्या कथांमध्ये त्याने आपली देवदैवते आणि ग्रंथ पेरले. 'वीअर्ड टेल्स'च्या वाचकाला दिसे ते असे, की एकमेकांशी काही संबंध नसलेले चार-पाच लेखक एकाच जुन्या ग्रंथाचा आणि त्याच देवतांचा उल्लेख करतात. स्वतंत्र साक्षीदारांचे एकमत हे पुराव्याचे जुने गमक आहे. इथे साक्षीदार अनेक आणि लेखणी एक होती. १९३० मध्ये खुद्द रॉबर्ट ई. हॉवर्डने या सगळ्यामागे काही खरी परंपरा आहे काय अशी विचारणा केली, तेव्हा लव्हक्राफ्टने हे सारे रचलेले असल्याचे त्याला कळवले.

ही नावांची देवघेव आपल्यापर्यंतही पोहोचलेली आहे. नारायण धारपांच्या भयकथांचा वारसा सांगणाऱ्या 'तुंबाड' (२०१८) या चित्रपटातील हस्तर हे नाव, अँब्रोस बिअर्सच्या कथेतील मेंढपाळांच्या हस्तुर या देवाशी मिळतेजुळते आहे; तेच नाव पुढे रॉबर्ट चेंबर्स आणि लव्हक्राफ्ट यांच्या लेखनातून फिरत राहिले. बिअर्सचा देव सौम्य होता, हा त्यातला गमतीचा भाग.

लेखकाचे उत्तर

फसवणूक हा लव्हक्राफ्टचा हेतू नव्हता, हे या प्रकरणात स्पष्ट नोंदवायला हवे. जो विचारील त्याला तो खरे सांगत असे. १९३६ मध्ये विलिस कॉनोव्हर या किशोरवयीन वाचकाने विचारले तेव्हा हे ग्रंथ बहुतांशी कल्पित असल्याचे त्याने सरळ लिहून कळवले. (हाच कॉनोव्हर पुढे 'व्हॉइस ऑफ अमेरिका'चा जाझ संगीताचा निवेदक म्हणून जगभर ओळखला गेला.) त्याच सुमारास जेम्स ब्लिश आणि विल्यम मिलर या दोघा तरुणांनी, तुम्हीच हा ग्रंथ प्रत्यक्ष का लिहीत नाही, असे सुचवले. त्यावर त्याने दिलेली कारणे दोन होती. एक व्यवहाराचे : ग्रंथ सुमारे हजार पानांचा असल्याचे आपणच सूचित करून बसलो आहोत. दुसरे कलेचे : नुसत्या सूचनेने जेवढा धाक उत्पन्न होतो त्याच्या दहाव्या हिश्श्याइतकाही प्रत्यक्ष मजकुराने होणार नाही, आणि ज्यांना उल्लेख वाचून कापरे भरले त्यांची निराशाच होईल. पुढे काय घडले ते पाहता दुसरे कारण अक्षरशः खरे ठरले.

छापील प्रती

१९७० च्या दशकात तीन प्रयत्न झाले. १९७३ मध्ये फिलाडेल्फियाच्या आउल्सविक प्रेसने 'अल अझीफ' या नावाने एका कल्पित लिपीत ३४८ प्रती छापल्या. लिपी कोणालाच वाचता येत नव्हती आणि तीच पाने पुन्हा पुन्हा येत होती. एल. स्प्रेग द कॅम्प यांची प्रस्तावना मात्र झकास आहे. १९७७ मध्ये न्यूयॉर्कमध्ये 'सायमन' एवढ्याच नावाने एक आवृत्ती निघाली, तिच्या कातडी बांधणीच्या ६६६ प्रती होत्या; १९८० मध्ये तिची स्वस्त आवृत्ती आली आणि ती अफाट खपली. तिच्यातला बराचसा मजकूर सुमेरी-बाबिलोनी दैवतांवर बेतलेला असून लव्हक्राफ्टच्या कथांशी त्याचे नाते बादरायण आहे. १९७८ मध्ये इंग्लंडमध्ये जॉर्ज हे यांनी संपादित केलेला ग्रंथ आला. जॉन डीच्या सांकेतिक लिपीतील कागदांचा उलगडा संगणकाने केल्याचा दावा त्यात होता. त्या वेळी संगणकाचे नाव घेतले की पुढे प्रश्न विचारले जात नसत. त्यातले एक लेखक कॉलिन विल्सन यांनी काही वर्षांनी हा सगळा बनाव कसा रचला ते स्वतःच लिहून टाकले. या पुस्तकांचे साहित्यिक मोल बेताचे आहे आणि त्यांच्यावर अधिक शब्द खर्च करण्याचे कारण दिसत नाही. १९७७ मध्येच स्विस चित्रकार एच. आर. गिगर याच्या चित्रसंग्रहालाही हेच नाव मिळाले, हे तेवढे ध्यानात ठेवावे, कारण त्याने ग्रंथपालाचे काम आणखी अवघड केले.

तालिकेतील अडचण

या पुस्तकांपूर्वी प्रश्न सोपा होता. कोणी ग्रंथ मागितला तर असा ग्रंथ नाही, हे उत्तर पूर्ण होते. थट्टेखोर विद्यार्थी तालिकेच्या, म्हणजे ग्रंथालयातील पुस्तकांच्या सूचीच्या, खणात खोटे नोंदपत्र (कार्ड) सरकवत आणि घेणाऱ्याच्या जागी ए. अल्‌हझ्रेद असे नाव लिहीत; ते पत्र काढून टाकले की काम संपे. नॉर्वेतील ट्रॉम्सो विद्यापीठाच्या ग्रंथालयातील नोंद याच जातीची आहे : १९९४ ची आवृत्ती, भाषांतरकार म्हणून पेत्रुस दे दाकिया याचे नाव आणि पुढे 'उपलब्ध नाही' असा शेरा. व्हॅटिकनच्या ग्रंथालयालाही या ग्रंथाविषयी विचारणा होत असते. बंदी घालणाऱ्या पोपपाशी निदान एक प्रत उरलेली असणारच, असा त्यामागचा तर्क असावा. पण १९७३ नंतर या नावाची खरी, कागदाची पुस्तके अस्तित्वात आली. आता 'असा ग्रंथ नाही' हे उत्तर चुकीचे आणि 'आहे' हे दिशाभूल करणारे झाले.

तालिकाकाराला इथे कर्ता म्हणून कोणाचे नाव द्यावे हा प्रश्न पडतो. १९७८ च्या अँग्लो-अमेरिकन तालिका संहितेच्या दुसऱ्या आवृत्तीत याचे उत्तर असे होते, की कर्तृत्व खोटेपणाने किंवा कल्पनेने दुसऱ्याकडे दिलेले असेल तर नोंद खऱ्या कर्त्याच्या नावे, आणि तो माहीत नसेल तर शीर्षकाखाली करावी; ज्याचे नाव पुढे केले आहे ती व्यक्तीच खरी नसेल तर तिच्या नावे जोड-नोंदही (मुख्य नोंदीखेरीजची दुय्यम नोंद) करू नये. २०१० मध्ये आलेल्या आरडीए (रिसोर्स डिस्क्रिप्शन अँड अॅक्सेस) या तालिका-नोंदींच्या नव्या नियमांनी याउलट कल्पित व्यक्तींनाही कर्त्याच्या जागी येऊ दिले. त्यानुसार पुस्तकावर अल्‌हझ्रेदचे नाव असेल तर तो कर्ता म्हणून नोंदवता येत होता. ग्रंथालयांच्या आंतरराष्ट्रीय महासंघाच्या (आयएफएलए) २०१७ च्या ग्रंथालय संदर्भ प्रारूपाने पुन्हा कर्ता-घटक खऱ्या माणसांपुरता मर्यादित केला. म्हणजे सनाचा वेडा कवी काही वर्षांपुरता जगभरच्या तालिकांत अधिकृतपणे लेखक होऊ शकला आणि मग पुन्हा बाहेर काढला गेला. मला जुना नियम अधिक शहाणपणाचा वाटतो, कारण तालिका वाचणारा माणूस नाव पाहतो, नावामागचे प्रारूप पाहत नाही.

आपल्याकडच्या ग्रंथालयात यांपैकी एखादे पुस्तक आले, आणि सायमनची स्वस्त आवृत्ती सहज येऊ शकते, तर ते शीर्षकाखाली नोंदवावे, 'काल्पनिक पुस्तके व ग्रंथालये' हा विषयशीर्षकाचा दुवा द्यावा, लव्हक्राफ्टच्या नावे विषय-नोंद करावी आणि टीपेच्या जागी हा ग्रंथ त्याच्या कथांतील कल्पित ग्रंथाच्या नावाने १९७० च्या दशकात रचलेला असून मूळ ग्रंथ अस्तित्वात नाही, एवढे एक वाक्य लिहावे. मागणी करणाऱ्या वाचकाला मात्र ही पुस्तके देण्याऐवजी १९२७ चे टिपण असलेला लव्हक्राफ्टचा कोणताही संग्रह काढून द्यावा. तो जे शोधत असतो ते त्या चार पानांतच आहे.